पेपरातला सामाजिक व्यंगचित्रकार नक्की काय करतो? लक्ष्मण यांच्या निमित्ताने जरा सविस्तर

सोलापूरच्या, आर्ट कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला असलेल्या एका मुलीने विचारलंय की समाजाचं भान ठेवून पेपरात चित्र काढणारा व्यंगचित्रकार रोज करतो तरी काय, आर. के. लक्ष्मण यांनी जे केलं ते आज कुणाला जमेल का, आणि तिला हेच करायचं असेल तर शिकायचं काय. मी आयुष्यभर मराठी दैनिकांत हेच काम केलं, अजूनही जमेल तसं करतो, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. वयाने तू माझ्या नातीएवढी, म्हणून सरळ तू म्हणतो.

आधी मुद्द्याचं सांगून टाकतो. बहुतेकांना वाटतं की व्यंगचित्रकाराला राग यायला हवा, टोमणा सुचायला हवा आणि हातात सफाई हवी. हे सगळं लागतंच, पण पेन्सिल उचलायच्या आधी एक गोष्ट ठरवावी लागते आणि सगळं चित्र त्यावर अवलंबून असतं, ती म्हणजे या बातमीकडे आपण कुठे उभं राहून बघणार आहोत. पुलाचं उद्घाटन आहे समजा. ते स्टेजवरून बघता येतं, पत्रकारांच्या खुर्चीतून बघता येतं, आणि मंडपाच्या मागे ट्रकमधून आणून बसवलेली जी बाई सकाळपासून पाणी मागतेय तिच्या जागेवरूनही बघता येतं. बातमी एकच, पण चित्रं तीन वेगळी होतात. लक्ष्मण यांनी एक जागा धरली आणि पाच दशकांहून जास्त काळ ती सोडली नाही. माझ्या मते त्यांचं मोठेपण तिथे आहे, विनोद नंतर.

माणूस कसा घडला ते थोडक्यात बघ. जन्म म्हैसूरचा, २४ ऑक्टोबर १९२१. वडील हेडमास्तर, घरात पुस्तकं आणि इंग्रजी मासिकं भरपूर, लेखक आर. के. नारायण हे थोरले भाऊ. वाचता यायच्या आधीपासून हा पोरगा मासिकांतली चित्रं बघत बसायचा आणि मग घरातल्या भिंती, दारं, फरशा काही शिल्लक ठेवायचा नाही. शाळेत एकदा पान काढायला सांगितलं तर याने पिंपळाचं पान काढलं आणि मास्तरांनी शाबासकी दिली, हा प्रसंग त्यांनी स्वतः सांगितलाय. खिडकीत बसून कावळे, पाली, वाळक्या काटक्या, लाकडं फोडणारे गडी असलं समोर दिसेल ते काढायचं. कावळ्यांचं वेड तर शेवटपर्यंत राहिलं, त्यांची कावळ्यांची चित्रं कधी मिळाली तर नीट बघ, पंख आणि मान दाखवायला ब्रशचे मोजके फटकारे आणि कावळा जिवंत. ज्या हाताने कावळा असा पकडला त्याच हाताने पुढे मंत्री पकडले.

मग मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये अर्ज केला आणि तो नाकारला गेला, तुमच्या चित्रांत आमच्याकडे प्रवेश द्यावा अशा दर्जाचं काही दिसत नाही या अर्थाचं उत्तर आलं. पुढे म्हैसूरच्या महाराजा कॉलेजातून बी. ए. केलं. शिकता शिकता 'हिंदू'मध्ये भावाच्या कथांना चित्रं, 'कोरवंजी' या कन्नड विनोदी मासिकात व्यंगचित्रं, 'स्वराज्य' आणि 'ब्लिट्झ'मध्ये काम, मद्रासला जेमिनी स्टुडिओत एका ॲनिमेशनपटावर काम असं सगळं चालू होतं. मुंबईत 'फ्री प्रेस जर्नल'मध्ये बाळ ठाकरे त्यांचे सहकारी होते. मग १९४७ साली 'टाइम्स ऑफ इंडिया' आणि तिथून पुढे हलले नाहीत. जे. जे. आणि टाइम्सची इमारत एकाच डी. एन. रोडवर आहेत, चालत पाच मिनिटंसुद्धा लागत नाहीत. तुझ्या वर्गातल्या कुणाचा प्रवेश हुकला असेल तर त्याला हे जरूर सांग.

१९५१ मध्ये 'यू सेड इट' हे एका कॉलमात बसणारं छोटं पॉकेट कार्टून सुरू झालं आणि त्यात कॉमन मॅन आला. टक्कल, डोक्याच्या मागे पांढऱ्या केसांचे झुपके, जाड नाक, छोटी मिशी, गोल चष्मा, चौकड्यांचा कोट, धोतर. तो एकदम असाच आला नव्हता. लक्ष्मण यांनी सांगितलंय की सुरुवातीला ते गर्दीत बंगाली, तमिळ, पंजाबी अशी वेगवेगळी माणसं काढायचे, पण रोजच्या डेडलाइनमध्ये एवढी माणसं काढायला वेळ पुरेना, मग एकेक गळत गेलं आणि शेवटी हा एकटा उरला. मला हे फार खरं वाटतं, कारण पेपरातल्या बऱ्याच चांगल्या गोष्टी अशा वेळेच्या रेट्याने ठरतात. हा माणूस बोलत नाही. बायको बोलते, शेजारी बोलतात, मंत्री आणि कारकून तर बोलतच असतात, हा फक्त ऐकतो आणि बघतो.

आता हे चित्र म्हणून कसं चालतं ते बघ, कारण यावर लोक फार कमी लिहितात. लक्ष्मण यांचं कुठलंही पॉकेट कार्टून घे आणि कॉमन मॅन चौकटीत कुठे आहे ते बघ. बहुतेक वेळा तो कडेला असतो, दारात असतो, माणसांच्या मागे असतो. ज्याच्या आयुष्याचा निर्णय चाललाय तोच खोलीच्या कोपऱ्यात उभा आहे, एवढं फक्त त्याच्या जागेवरून कळतं, एक शब्दही वापरावा लागत नाही. दुसरं म्हणजे खोली. मंत्र्याचं टेबल, टेबलाचे पाय, फायलींचे गठ्ठे, पंखा, भिंतीवरचा फोटो, दाराबाहेर स्टुलावर बसलेला शिपाई, हे सगळं पर्स्पेक्टिव्हला अचूक. एवढ्याशा जागेत एवढं सरकारी ऑफिस उभं करणं भयंकर अवघड आहे, मी करून बघितलंय म्हणून सांगतो. खोली खरी वाटली म्हणून तिच्यातला वेडेपणा आपल्याला खरा वाटतो.

त्यांचं एक गाजलेलं चित्र आहे. अंतराळात पाठवायला माणूस निवडायचाय, सगळे तज्ज्ञ जमलेत, आणि समोर कॉमन मॅन उभा केलाय. एक जण सांगतोय की हाच आपला माणूस, हा अन्न, पाणी, उजेड, हवा, निवारा यातलं काहीही नसताना जगू शकतो. यात कुणाला शिवी नाही, कुठल्या पक्षाचं नाव नाही, कुणाचा नाकाचा शेंडा ओढलेला नाही. बोलणारा तज्ज्ञ मनापासून कौतुक करतोय, खूश आहे तो. आणि त्याच्या त्या कौतुकातून आपल्याला कळतं की या माणसाला आपण काय काय दिलेलं नाही. बोलणाऱ्याला प्रामाणिकपणे बोलू द्यायचं आणि ऐकणाऱ्याला गप्प उभं करायचं, ही त्यांची पद्धत. चिडून लिहिलेलं कॅप्शन लोक वाचतात आणि पुढे जातात, हे मात्र पोटात राहतं.

१९८४ मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळाला, २००५ मध्ये पद्मविभूषण, १९८८ मध्ये कॉमन मॅन टपाल तिकिटावर आला, पुण्यात सिम्बायोसिसमध्ये आणि मुंबईत वरळी सी फेसला त्याचे पुतळे आहेत. २००३ मध्ये लक्ष्मण यांना पक्षाघाताचा झटका आला, डाव्या बाजूवर परिणाम झाला, तरी उजव्या हाताने ते काढत राहिले. २६ जानेवारी २०१५ ला पुण्यात गेले. हे सगळं कुठेही वाचायला मिळेल.

आता जे सहसा कुणी बोलत नाही ते बोलू. हा कॉमन मॅन कोण आहे? शहरात राहतो, लिहिता-वाचता येतं, कोट आहे, चष्मा आहे, पेपर विकत घेतो. त्याचे प्रश्न म्हणजे महागाई, खड्डे, रांग, टेलिफोन, भ्रष्टाचार. खरे प्रश्न आहेत, पण ते एका ठराविक जागेवरून दिसणारे आहेत. गटारात उतरणारा माणूस, ऊस तोडायला बीडहून निघालेली बाई, गावाबाहेरच्या वस्तीतलं पोरगं, यांच्या जागेवरून देश कसा दिसतो हे तिथून दिसत नाही, दिसलं तरी लांबून. लक्ष्मण यांच्याबद्दल माझ्या मनात अपार आदर आहे आणि तरीही, किंबहुना म्हणूनच, तुझ्यासारख्या नव्या माणसाला हे सांगायलाच हवं, नाहीतर तू तोच कोट आणि तेच धोतर पुन्हा काढत बसशील.

शंकर यांचं उदाहरण घे. भारतातल्या राजकीय व्यंगचित्राचा पाया त्यांनी घातला, १९४८ मध्ये स्वतःचं साप्ताहिक काढलं, नेहरूंसारखा माणूस मलाही सोडू नका म्हणायचा असा त्यांचा मान. त्यांचं १९४९ सालचं एक चित्र आहे, राज्यघटना गोगलगायीच्या वेगाने चाललीय या विषयावरचं. गोगलगायीवर बाबासाहेब बसलेत, मागून नेहरूंनी चाबूक उगारलाय आणि लोक बघताहेत. हे चित्र अकरावीच्या एनसीईआरटीच्या पुस्तकात होतं आणि २०१२ मध्ये त्यावरून संसदेत गदारोळ झाला, पुस्तकातून चित्र काढायचं ठरलं, पुण्यात त्या पुस्तकाचे सल्लागार असलेले राज्यशास्त्राचे प्राध्यापक सुहास पळशीकर सरांच्या ऑफिसवर हल्लाही झाला. हल्ला अर्थातच चूक, त्यात दुमत नको. पण आमच्या व्यवसायातल्या बऱ्याच जणांनी तेव्हा फक्त एवढंच म्हटलं की लोकांना विनोद कळत नाही, आणि ते मला तेव्हाही पटलं नव्हतं. १९३२ ते १९५६ या काळात इंग्रजी पेपरांत बाबासाहेबांवर आलेली शंभराहून जास्त व्यंगचित्रं नंतर एका अभ्यासकाने एकत्र केली. ती एकापाठोपाठ एक बघितली की दिसतं की त्यांना कितीदा बुटकं काढलंय, कितीदा इतरांपेक्षा छोटं, कितीदा रडवेलं किंवा हट्टी पोर काढलंय. काढणाऱ्या प्रत्येकाच्या मनात वाईट हेतू असेल असं नाही, पण सगळे जवळजवळ एकाच जागेवर उभे होते आणि तिथून त्यांना तसं दिसत होतं. ज्या पोराच्या घरात बाबासाहेबांचा फोटो आहे ते पोर हे चित्र वर्गात बसून कसं बघेल, हा प्रश्न त्या काळच्या एकाही न्यूजरूममध्ये निघाला नसणार, कारण विचारणारं कुणी तिथे नव्हतंच.

बायकांचंही तसंच. पेपरात राजकीय व्यंगचित्रं काढणाऱ्या बायका आपल्याकडे बोटावर मोजण्याएवढ्या. बंगळुरूच्या माया कामत या त्यातल्या ठळक, २००१ मध्ये लवकर गेल्या. तू मुलगी आहेस, सोलापूरची आहेस, विडी वळणाऱ्या आणि चादरीच्या कारखान्यातल्या बायका रोज बघतेस, म्हणजे तुझ्याकडे अशी जागा आहे जिथून आजवर पेपरात फारसं कुणी बघितलेलंच नाही. हे भांडवल मोठं आहे.

मराठीत या कामाला चांगली परंपरा आहे हेही माहीत असू दे. शं. वा. किर्लोस्कर हे 'किर्लोस्कर' मासिकाचे संपादक आणि स्वतः व्यंगचित्रकार, शंवाकि म्हणून सही करायचे, हे मासिक १९२० मध्ये सुरू झालं. भोंदूगिरी, हुंडा, बायकांची कोंडी, अस्पृश्यता यावर त्यांनी त्या काळात चित्रं काढली जेव्हा असं मासिक घरात आणायलासुद्धा काही घरांत बंदी असायची. अलीकडचं बघायचं तर मंगेश तेंडुलकर. पुण्यात नळस्टॉपच्या चौकात दिवाळीत स्वतः उभे राहायचे आणि सिग्नलला थांबलेल्या लोकांना वाहतुकीवरची व्यंगचित्रं असलेली भेटकार्डं वाटायचे, वर्षानुवर्षं. पेपरात छापून आलं आणि काम संपलं असं त्यांनी मानलं नाही, ज्याच्यासाठी चित्र काढलंय त्याच्या हातात ते नेऊन दिलं. २०१७ मध्ये ते गेले. त्यांच्या रेषेत अंधार असायचा, बऱ्याचदा शब्द नसायचे, हसू यायच्या आधी जरा दचकायला व्हायचं.

आता रोजचं काम. सकाळी चार-पाच पेपर वाचायचे, आणि पहिलं पान सोडून आतली पानं आधी वाचायची, जिल्हा आवृत्तीतल्या दोन ओळींच्या बातम्या, निविदा, कोर्टाच्या नोटिसा. पहिल्या पानावर सगळेच काढणार. मग बातमीतला आकडा हातात घेऊन बसायचं. एक उदाहरण देतो. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला दुष्काळात मिरजेहून रेल्वेने पाणी गेलं, पहिल्या खेपेला दहा टँकरचे डबे, साधारण पाच लाख लिटर. सगळीकडे त्या गाडीचे फोटो, हार घातलेलं इंजिन, श्रेय कुणाचं यावर पोस्टर. व्यंगचित्रकारांनीही गाडीच काढली, इंजिनावर पुढारी बसवले वगैरे. पण लातूर शहराची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेत पावणेचार लाखांच्या वर. भागाकार करून बघ, माणशी दीड लिटरसुद्धा येत नाही. हा भागाकार केला की चित्र गाडीपासून निघून एका घरात जातं, जिथे आई चार तांब्यांत पाणी वाटतेय आणि टीव्हीवर इंजिनाला हार घालताहेत. एवढंच काम असतं रोज, आकडा स्टेशनवरून उचलून घरात आणायचा. सरकारला शिव्या देणं याच्यापेक्षा कितीतरी सोपं आहे.

दुसरं उदाहरण रेशनचं, कारण रफ, म्हणजे कच्चं चित्र, कसं बदलत जातं ते त्यात दिसेल. रेशन दुकानात अंगठा लावायचं मशीन आलं आणि शेतात, बांधकामावर काम करणाऱ्या म्हाताऱ्या माणसांचे ठसे उमटेनात, रेषाच झिजलेल्या. एका तालुक्याच्या गावी मी दुकानाबाहेर बसून हे बघितलं. एक आजी पदराने अंगठा पुसायची, पुन्हा लावायची, मग दुसरं बोट, मग तिसरं. दुकानदार वाईट नव्हता, तोही मशीनकडे बघून वैतागला होता. पहिल्या रफमध्ये मी मोठं मशीन काढलं, त्यापुढे लहान आजी. चित्र ठीक होतं पण त्यात मशीनच हिरो झालं होतं. दुसऱ्या रफमध्ये अधिकारी आणला, तो तर नेहमीचाच, ढेरी आणि सफारी. मग मी आजीच्या मागे जाऊन उभा राहिलो, म्हणजे चित्रात. चौकटीच्या पुढच्या भागात फक्त तिचा तळहात, मोठा, भेगा पडलेला, बोटांची टोकं गुळगुळीत कोरी, आणि त्या हाताच्या पलीकडे छोटं दुकान, छोटा दुकानदार, छोटं मशीन. दुकानदार म्हणतो, "आजी, मशीन म्हणतंय तुम्ही तुम्ही नाही." कॅप्शनवर मी जास्त वेळ घालवला. 'ठसा जुळत नाही' हे खरं वाक्य, दुकानात तेच बोलतात, पण ते आधीच कानाला सवयीचं झालंय. 'तुम्ही तुम्ही नाही' यात दुकानदाराचा वैताग आहे आणि तिचं काय हिरावून घेतलंय तेही आहे. चित्र छापून आल्यावर पुरवठा विभागातल्या एका कारकुनाचा फोन आला की असे लोक आमच्याकडे किती आहेत ते मी काढतोय. चित्राने जग बदलतं असलं काही मी म्हणणार नाही, पण एक माणूस यादी करायला बसला, मला तेवढं पुरलं.

तंत्राचं थोडं, कारण तू आर्ट कॉलेजची. आम्ही सुरू केलं तेव्हा चित्र काळ्या इंडियन इंकने, ब्रश नाहीतर निबने, जाड कागदावर, छापायच्या मापाच्या दुप्पट-तिप्पट काढायचो. त्याचा फोटो घेऊन जस्ताच्या पत्र्यावर ॲसिडने ब्लॉक बनायचा. करडा रंग मिळायचा नाही, एक तर काळं नाहीतर पांढरं, सावली हवी तर रेघोट्या मारायच्या. आणि न्यूजप्रिंट शाई पितो, त्यामुळे रेघोट्या जवळ जवळ आल्या की छापताना सगळा चिखल. म्हणून त्या काळच्या माणसांची रेषा एवढी ठाम आहे, ती नुसती शैली नव्हती, कागदाची अट होती. पुढे ऑफसेट आलं, ब्रोमाइड आलं, स्कॅनर आला, आता तू टॅबलेटवर काढशील. तिथे झूम करून करून नको तेवढे बारकावे भरायचा मोह होतो, आणि मग चित्र मोबाइलवर अंगठ्याएवढं दिसतं तेव्हा काहीच कळत नाही. काम चालू असताना मधूनमधून चित्र आगपेटीएवढं करून बघत जा. ब्रश मात्र हाताने शिक, निदान वर्षभर, कारण पुसता येत नाही हे माहीत असलं की रेष काढायच्या आधी माणूस विचार करतो.

दबावाबद्दल विचारलं नाहीस पण सांगितलं पाहिजे. आणीबाणीत डिसेंबर १९७५ मध्ये अबू अब्राहम यांचं 'इंडियन एक्स्प्रेस'मधलं चित्र आलं, राष्ट्रपती बाथटबमध्ये बसून वटहुकमावर सही करताहेत आणि आणखी असतील तर त्यांना थांबायला सांगा म्हणताहेत. हे काढणारा माणूस तेव्हा राज्यसभेचा राष्ट्रपतिनियुक्त सदस्य होता हे लक्षात घे. शंकर यांचं साप्ताहिक त्याच वर्षी बंद झालं. १९८७ मध्ये मुखपृष्ठावरच्या एका व्यंगचित्रासाठी तमिळनाडू विधानसभेने 'आनंद विकटन' या तमिळ साप्ताहिकाच्या संपादकांना तुरुंगात पाठवलं, दोन दिवसांत सोडावं लागलं, पुढे कोर्टाने ते चूक ठरवून भरपाईही दिली. २०१२ मध्ये मुंबईत असीम त्रिवेदी या तरुण व्यंगचित्रकाराला देशद्रोहाच्या कलमाखाली अटक झाली, नंतर ते कलम मागे घ्यावं लागलं. हे मोठे प्रसंग. रोजचा दबाव मात्र असा दिसत नाही. एका दैनिकात माझं फ्लॅटच्या फसवणुकीवरचं चित्र रात्री पान लागताना काढून टाकलं गेलं, कारण त्याच पानावर बिल्डरची जाहिरात होती. कुणी ओरडलं नाही, धमकी नाही, नुसतं 'आज जागा नव्हती' एवढंच. अशा वेळी भांडण उकरून काढू नकोस, ते चित्र तारखेसकट जपून ठेव आणि दुसऱ्या महिन्यात पुन्हा दे, दुसऱ्या बातमीवर, दुसऱ्या पेपरला. माझं तसंच छापून आलं.

पोटाचं काय, तर खरं सांगतो, पेपरात पगारी व्यंगचित्रकाराच्या जागा आता फार कमी राहिल्यात आणि फ्रीलान्सचे पैसे तुटपुंजे असतात. पण व्यंगचित्रकार वसंत सरवटे इंजिनिअर म्हणून नोकरी करत होते, तेंडुलकर संरक्षण खात्यात होते, आणि दोघांचं काम बघ. त्यामुळे आधी घर चालेल असं काहीतरी धर, इलस्ट्रेशन, पाठ्यपुस्तकांची चित्रं, डिझाइन, काहीही, फक्त सकाळचे दोन तास पेपरसाठी राखून ठेव. सोशल मीडियावर टाकायचं तर जरूर टाक, पण लाइक्स बघून विषय निवडायला लागलीस की महिन्याभरात तुझी जागा घसरेल, मग तू लोकांना आधीच जे वाटतंय तेच त्यांना चितारून देशील. तिथे अडवणारा संपादक नसतो हे खरं, पण 'हे अर्धवट आहे, पुन्हा काढ' असं सांगणाराही नसतो. असा एक माणूस शोधून ठेव, चित्रकार नसला तरी चालेल. मी वर्षानुवर्षं आमच्या प्रूफरीडरना दाखवायचो, त्यांना दहा सेकंदांत कळलं नाही तर चित्र परत टेबलावर.

शिकायचं काय याचं उत्तर म्हणून एक काम देतो. सोलापुरातली एकच जागा निवड. एसटी स्टँड घे, सिव्हिलचा केसपेपरचा काउंटर घे, विडी कारखान्याचं गेट घे, जी तुला जवळची असेल ती. सहा महिने दुसरीकडे जाऊ नकोस. आधी नुसतं काढ, माणसं कशी उभी राहतात, रांगेत पिशवी कुठल्या हातात असते, कंटाळलेला माणूस वजन कुठल्या पायावर टाकतो, काउंटरच्या आतला माणूस नजर कशी चुकवतो. बोलणी ऐक आणि आहेत तशीच लिहून ठेव, सोलापुरी बोलीतच, कॅप्शन त्यातूनच निघतं. मग त्या जागेशी संबंध असलेली बातमी आली की चित्र कर आणि जिल्हा आवृत्तीच्या संपादकाकडे स्वतः घेऊन जा, मेल करून वाट बघत बसू नकोस. मानधन किती ते पहिल्याच दिवशी विचार, लाजायचं नाही. कागदावरचं मूळ चित्र परत मागून घे, आणि प्रत्येक चित्राच्या मागे त्या दिवसाच्या बातमीचं कात्रण तारखेसकट चिकटव, कारण दहा वर्षांनी त्या चित्रातला माणूस ओळखू येतो, पण तो तेव्हा रांगेत कशासाठी उभा होता हे काढणाऱ्यालाही आठवत नाही.